रिकाम्या खुर्चीचा भाग

अंतराळातल्या साहसाची अ‍ॅनिमेशन मालिका शेवटच्या भागाला पोचली की एक गोष्ट हमखास घडते. आधी कधीच न चालवलेलं यंत्र ऐन वेळी पहिल्याच झटक्यात चालतं.

जपानच्या 'स्पेस बॅटलशिप यामातो' मालिकेचा 26वा भाग 30 मार्च 1975 रोजी दाखवला गेला. मोहीम फत्ते करून जहाज पृथ्वीजवळ येतं आणि मागून शत्रूंचा नेता देस्लर आपली तोफ डागतो. यंत्रतज्ज्ञ सानादा यानं गुपचूप तयार ठेवलेलं आवरण क्षणात जहाजावर चढतं आणि मारा उलटून देस्लरवरच जातो. छाती भरून येते. सानादाला यंत्राचा धोका नवा नाही. लहानपणी चंद्रावरच्या अपघातात त्यानं बहीण आणि स्वतःचे हातपाय गमावलेले आहेत. तरीही आवरणाची चाचणी आपल्याला दिसत नाही. दाखवली असती, तर तो क्षण इतका रंगला नसता.

कथेला हे शोभतं. पण यंत्राची खरी गोष्ट त्या न दाखवलेल्या भागातच असते.

यवतमाळ जिल्ह्यात महागाव तालुक्यातल्या फुलसावंगीत आठवीपर्यंत शिकलेल्या एका तरुणानं एकच माणूस बसेल असं हेलिकॉप्टर बनवलं. हात वेल्डिंगवर बसलेला. कपाटं, कूलर बनवता बनवता त्यानं पाइप आणि पत्र्याचा सांगाडा उभा केला, मारुती 800 चं इंजिन लावलं. 15 ऑगस्ट 2021 ला ते गावासमोर आणायचं होतं. त्याच्या काही दिवस आधी रात्री तो आत बसून इंजिन चालवून बघत होता. शेपटीचं पातं तुटलं, वरच्या मोठ्या पात्यावर आदळलं आणि ते मोठं पातं त्याच्या डोक्याला लागलं. तो गेला. वय 24.

त्या पात्याचं काय होतं ते नीट बघायला हवं. ज्वारीच्या शेतात गोफण फिरवणाऱ्याला हाताला बसणारी ओढ माहीत असते. वेग दुप्पट झाला की ही ओढ चौपट होते, तिप्पट झाला की नऊपट. सावकाश फिरताना धडधाकट वाटलेला सांधा म्हणूनच वेग वाढताच तुटू शकतो. नुसत्या डोळ्यांना त्याचा कच्चेपणा आधी कळत नाही, कुशल वेल्डरलाही नाही. कळण्याचा खात्रीचा मार्ग म्हणजे यंत्र पूर्ण वेगानं फिरवायचं आणि तिथे माणूस ठेवायचा नाही.

इस्रोनं 21 ऑक्टोबर 2023 रोजी श्रीहरिकोट्याला माणसाला अंतराळात नेणाऱ्या गगनयान मोहिमेची चाचणी घेतली, तेव्हा उड्डाणाला अवघे 5 सेकंद असताना संगणकानं सगळं थांबवलं. दोष शोधला आणि त्याच सकाळी पुन्हा उड्डाण केलं. पुढे अंतराळवीर जिथे बसणार ते कुपीसारखं यान रिकामंच वर गेलं, रॉकेटपासून सुटलं आणि पॅराशूटनं बंगालच्या उपसागरात उतरलं. मला ती रिकामी कुपी कुठल्याही मालिकेच्या शेवटाइतकी थरारक वाटते. माणसाच्या जिवाची किंमत आधीच मोजून ठेवलेली आहे, हे तिच्यात दिसतं.

फुलसावंगीच्या त्या तरुणाकडे जिद्द होती, हात होता, कल्पना होती. कमी होती ती यंत्र सुरक्षितपणे फिरवून बघायच्या जागेची, आणि शेजारी उभं राहून "आज आत बसू नको" म्हणणाऱ्या जाणकाराची. अशा जागेला फार खर्चही लागत नाही. काँक्रीटचा चौथरा, सांगाडा जखडायला जाड बोल्ट, पात्यांच्या पातळीला वाळूच्या पोत्यांची उंच भिंत आणि अ‍ॅक्सिलरेटरची लांब केबल भिंतीमागे नेलेली. खुर्चीत माणसाच्या वजनाचं पोतं. तालुक्याच्या आयटीआयच्या आवारात एवढं करता येईल. वेल्डिंग आणि इंजिन जाणणारे शिक्षक तिथे बहुतेकदा असतात. ज्याला यंत्र उडवायचंय त्याला ते फिरवून बघायला त्यांनी बोलवावं, आणि पातं तुटलं तर तुकडे गोळा करून त्याच्यासोबत बसावं, सांधा कुठून सुटला ते बघत.