जत्रा आणि आठवडी बाजार

२६ डिसेंबर १९२० रोजी लिव्हरपूलच्या गुडिसन पार्क मैदानावर डिक, कर लेडीज आणि सेंट हेलेन्स या दोन महिला संघांचा सामना झाला. ५३ हजार माणसे आत होती आणि चौदा हजारांच्या आसपास माणसे जागा नाही म्हणून फाटकावरूनच परतली. पुढच्या वर्षीचा नाताळ येण्याआधीच, ५ डिसेंबर १९२१ला, इंग्लंडच्या फुटबॉल असोसिएशनने ठराव केला की हा खेळ स्त्रियांना मानवणारा नाही, तेव्हा सदस्य क्लबांनी त्यांना मैदाने देऊ नयेत. ही बंदी पन्नास वर्षे टिकली. याउलट १९९१ साली तिथे महिलांची पहिली राष्ट्रीय लीग सुरू झाली तेव्हा ना गर्दी होती, ना पैसा, ना वर्तमानपत्रांत जागा. तरी तिने घातलेली घडी नावे आणि मालक बदलत आजवर चालत आली. पन्नास हजारांची गर्दी एका ठरावाने का पांगली आणि जवळजवळ रिकाम्या मैदानांवर सुरू झालेला खेळ का टिकला, हा प्रश्न मला महत्त्वाचा वाटतो. माझे उत्तर थोडक्यात असे: पहिली होती जत्रा, दुसरा होता आठवडी बाजार. जत्रेला माणसे लोटतात, पण गावाचा संसार बाजारावर चालतो.

जत्रा म्हणजे कमी दर्जाचे काही, असे मला म्हणायचे नाही. डिक, कर ही प्रेस्टन शहरातली ट्रॅम आणि इंजिने बनवणारी कंपनी. युद्धकाळात तिथे दारूगोळ्याच्या कामावर आलेल्या मुलींचा हा संघ. त्यांनी १९१७च्या नाताळात डीपडेल मैदानावर जखमी सैनिकांच्या रुग्णालयासाठी सामना खेळला, तेव्हाच दहा हजार लोक जमले होते. डिसेंबर १९२०मध्ये त्यांचा एक सामना रात्री झाला. विमानविरोधी सर्चलाइट लष्कराकडून मागून आणले आणि चेंडू अंधारात दिसावा म्हणून पांढरा रंगवला. त्या उजेडातल्या पांढऱ्या चेंडूत सगळी गोष्ट सामावलेली आहे. प्रकाश उसना, मैदान उसने, निमित्तही उसने, ते बेकार झालेल्या माजी सैनिकांच्या मदतीचे. प्रत्येक सामना नव्याने जमवायचा, नव्याने परवानगी काढायची, नवे पुण्यकार्य शोधायचे. गुडिसन पार्कवर ३,११५ पौंड जमले, पण त्या सामन्यानंतर पुढच्या शनिवारी कोणाशी खेळायचेच, असे बंधन कोणावर नव्हते.

असोसिएशनने वार केला तो नेमका याच ठिकाणी. ठरावात खेळ बायकांना न शोभण्याची भाषा आहेच, पण त्याबरोबर हिशेबाची तक्रारही आहे: गल्ल्यातला फार मोठा भाग खर्चात जातो आणि धर्मादायाला पुरेसा पोचत नाही. तक्रार खरी की खोटी, हा वेगळा वाद. स्त्रियांचे खेळणे दानाच्या आडोशाने मान्य झाले होते. त्यामुळे दानाच्या वहीवर बोट ठेवले की खेळण्याचा आधारच निघून जात होता. पुरुषांच्या लीगला तुम्ही का खेळता असे कोणी विचारत नव्हते. पुढचा सामना वेळापत्रकात छापलेला असे, तेवढे कारण पुरेसे होते. बंदीनंतर महिला संघांनी स्वतःची संघटना काढली आणि १९२२ साली एक चषक स्पर्धाही घेतली. स्टोकच्या संघाने ती डॉनकास्टरच्या मुलींना हरवून जिंकली. पण हक्काची मैदानेच नसल्यावर ती संघटना फार काळ तग धरू शकली नाही.

१९६९ साली महिला फुटबॉल संघटना स्थापन झाली, बंदी उठली, आणि मग वीस वर्षे राष्ट्रीय पातळीवर मुख्य स्पर्धा राहिली ती बाद फेरीच्या चषकाची. इथे एक साधा हिशेब करून पाहावा. आठ संघांची बाद फेरी सात सामन्यांत आटोपते आणि त्यातले चार संघ एकेक सामना खेळून घरी जातात. त्याच आठ संघांची लीग, प्रत्येकाशी एकदा घरी आणि एकदा बाहेर, छप्पन्न सामन्यांची होते. त्यात सर्वांत दुबळ्या संघालाही चौदा सामने मिळतात. १९९१-९२च्या हंगामातला वरचा गट असाच आठ संघांचा होता आणि त्याखाली उत्तर व दक्षिण असे दोन विभाग होते. बाद फेरीत हरलेला संघ संपतो. लीगमध्ये हरलेल्या संघाला पुढच्या रविवारी पुन्हा बूट बांधावे लागतात. कौशल्य, सवय, पंचांची तयारी, मैदानाचे आरक्षण या सगळ्या गोष्टी त्या दुसऱ्या रविवारातून घडतात.

या हंगामावरचा पहिला आक्षेप ठोस आहे. डॉनकास्टर बेल्स या संघाने चौदाच्या चौदा सामने जिंकले आणि वर चषकही नेला. एकच संघ सगळे जिंकत असेल तर ती कसली स्पर्धा? पण बेल्स आल्या कुठून ते पाहावे. डॉनकास्टर रोव्हर्सच्या बेल व्ह्यू मैदानावर पुरुषांच्या सामन्यांना लॉटरीची तिकिटे विकत फिरणाऱ्या मुलींनी १९६९ साली हा संघ काढला. म्हणजे लीग आली तेव्हा त्यांच्यामागे दोन दशकांचा सराव होता आणि गिलियन कूल्टार्ड, कॅरन वॉकर यांच्यासारख्या इंग्लंडच्या खेळाडू होत्या. ही ताकद आधीचीच होती. लीगने ती तक्त्यावर मांडली, आणि मांडली म्हणून इतरांना तिच्याशी माप घेता आले. त्याच हंगामात आर्सेनलचा महिला संघ खालच्या दक्षिण विभागात खेळत होता. तो बढती मिळवून वर आला आणि १९९२-९३चे विजेतेपद बेल्सकडून हिसकावून घेऊन गेला. चषकाच्या अंतिम सामन्यातही त्याने बेल्सना ३-० असे हरवले. पुढच्या वर्षी बेल्सनी दोन्ही परत मिळवले. चौदा विजयांच्या हंगामाला एकतर्फी म्हणणाऱ्याने ही तीन वर्षे एकत्र वाचावीत. खालून वर यायची शिडी असली की एकतर्फीपणाला उतारा आपोआप तयार होतो.

दुसरा आक्षेप व्यवहारी माणसाचा. प्रेक्षकांशिवाय पैसा नाही आणि पैशाशिवाय लीग म्हणजे कागदी घोडा. मग गर्दीला जत्रा म्हणून हिणवण्यात काय शहाणपण? हे मला निम्मे मान्य आहे. १९९१च्या खेळाडू नोकऱ्या सांभाळून खेळत होत्या आणि त्या हलाखीचे गोडवे गाण्यात अर्थ नाही. पण गर्दी स्वतःहून संस्था उभी करत नाही, याचा पुरावा १९२१नेच दिला आहे. ३१ जुलै २०२२ रोजी वेम्बलीवर इंग्लंडने जर्मनीला हरवून युरोपचे अजिंक्यपद जिंकले, तेव्हा ८७,१९२ प्रेक्षक होते. त्या दिवसाची कमाई वाहून गेली नाही, कारण त्या खेळाडूंना परतायला क्लब होते आणि क्लबांना खेळायला लीग होती.

तिसरा आक्षेप मात्र माझ्या मांडणीच्या वर्मी लागतो. लीग जर हक्क देते, तर २०१३ साली बेल्सचे काय झाले? तेव्हा त्या सर्वोच्च लीगमध्ये होत्या. हंगामातला त्यांचा एकच सामना झालेला असताना असोसिएशनने जाहीर केले की पुढच्या वर्षी बेल्स दुसऱ्या स्तरावर जातील आणि मँचेस्टर सिटीला वर जागा मिळेल. उरलेला हंगाम त्यांनी कितीही चांगला खेळला असता तरी निकाल आधीच लागला होता. अपीलही फेटाळले गेले. २०१८मध्ये तर दुसऱ्या स्तराचे विजेतेपद मिळवूनही पैशाअभावी त्यांना खाली उतरावे लागले. म्हणजे ज्यांच्या हातात मैदाने, परवाने आणि निकष, ते वेळापत्रकही खोडू शकतात. लीग ही हक्काची हमी नाही, हे मला कबूल करावेच लागेल.

तरीही १९२१ आणि २०१३ यांत फरक आहे. १९२१मध्ये स्त्रियांना सिद्ध करावे लागत होते की त्यांनी खेळणे गैर नाही. २०१३मध्ये बेल्स विचारू शकत होत्या की तक्त्यात आम्ही कुठे आहोत ते न पाहता आम्हाला खाली कसे ढकलता? पहिल्या वेळी मोडायला काही वचनच नव्हते. दुसऱ्या वेळी ते होते, म्हणून ते मोडल्याचे सगळ्यांना दिसले. अन्याय तोच राहिला असेल, पण त्याला अन्याय म्हणण्याची भाषा १९९१-९२च्या त्या छप्पन्न सामन्यांनी दिली. म्हणून एखाद्या देशातल्या महिला फुटबॉलची प्रकृती पाहायची असेल तर अंतिम सामन्याला किती लोक आले, एवढ्यावर थांबू नये. तक्त्यात आठव्या क्रमांकावर असलेल्या संघाचा पुढचा सामना कोणाशी आहे आणि तो रद्द करायला कोणाला किती कारणे द्यावी लागतात, तेही विचारावे.