रोहिदासाला कुणी विचारलं?

वांगणी हे कल्याण-कर्जत लाइनीवरचं बदलापूरच्या पुढचं स्टेशन. उल्हास नदी, डोंगर आणि भाताची खाचरं. आमच्या भागात फार थोड्यांना ठाऊक आहे, की दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’चं बाहेरचं चित्रण इथं केलं. मुकुट घातलेली, तलवारी-भाले घेतलेली माणसं बघून गावाला वाटलं, दरोडेखोर आले! प्रकरण पाटलापर्यंत गेलं. फाळक्यांनी फिल्म न घालता कॅमेऱ्यापुढं एक प्रसंग करून दाखवला, तेव्हा कुठं मंडळी सुटली.

ही गंमत लोक हसून सांगतात. दुसरी गोष्ट सांगताना मात्र आवाज खाली येतो.

रोहिदासाच्या कामाला कुणी आपलं पोर देईना, म्हणून फाळक्यांनी स्वतःचा मुलगा भालचंद्र उभा केला. वांगणीच्या मुक्कामात खेळताना तो पडला, डोक्याला लागलं, शुद्ध हरपली. जवळ होतं ते औषधपाणी केलं. मंडळी म्हणाली, पोराला मुंबईला नेऊ, चित्रण मागाहून करू. पण रोहिदास मेल्याचाच प्रसंग घ्यायचा राहिला होता. फाळक्यांनी बेशुद्ध पोराला तसंच निजवून तो उरकला, असं सांगतात. पोरगं पुढं बरं झालं. ३ मे १९१३ ला गिरगावात कॉरोनेशनमध्ये सिनेमा लागला. भालचंद्राचं नाव आज निघतं ते त्या एका भूमिकेपुरतं.

फाळक्यांनी हे बरोबर केलं का?

शेतकऱ्याच्या पोराला याचं उत्तर पटकन देता येत नाही. आमच्याकडं कापणीत पोराला विळा लागला, तर हळद दाबायची, चिंधी बांधायची आणि पुन्हा कामाला. आभाळ भरून आलं की भात थांबत नाही. फाळक्यांचंही तसंच होतं. विम्याच्या पॉलिस्या गहाण पडलेल्या, सरस्वतीबाईंचे दागिने गेलेले. त्यांना निर्दय म्हणायला माझी जीभ धजत नाही.

पण या दोन्हींत फरक आहे. सरस्वतीबाईंनी दागिने दिले ते जाणून-समजून. मंडळींचा स्वयंपाक करून त्या फिल्मच्या कामातही राबत होत्या. त्यांना नाही म्हणता आलं असतं. बेशुद्ध पोराला ते कसं म्हणता येणार? विळा लागलेलं पोर निदान रडून कामाला नाही म्हणतं, आणि आई ते ऐकते तरी.

हरिश्चंद्राच्या गोष्टीतही हेच आहे. शब्द राजानं दिला, विकली गेली तारामती, विकला गेला रोहिदास. आमच्या गावात हे आख्यान लागलं, की देव प्रकटल्यावर सगळे हात जोडत. माझी आजी मात्र पदर डोळ्याला लावून म्हणायची, “देवानं उठवला म्हून बरा. नाय उठवला असता तर?”

मला वाटतं, सगळा प्रश्न तिच्या त्या एका वाक्यात आहे. पोर वाचलं म्हणून आपण बापाला थोर म्हणतो. ते दगावलं असतं तर त्याच कृत्याला काय म्हटलं असतं? कृत्य तर तेच. शेवट गोड झाला म्हणून ते योग्य ठरत नाही.

याच वांगणी स्टेशनात १७ एप्रिल २०२१ ला एक पोर हात सुटून रुळांवर पडलं. आईला दिसत नव्हतं आणि समोरून गाडी येत होती. पॉइंट्समन मयूर शेळके रुळांवरून धावले, पोराला वर ढकललं आणि स्वतः कसेबसे चढले. स्टेशनातल्या कॅमेऱ्यात ते सगळ्या देशानं पाहिलं. बक्षिसाच्या ५० हजारांतले अर्धे त्यांनी त्याच पोराला दिले. त्यांनी पणाला लावला तो स्वतःचा जीव.

ध्येय मोठं असावं, त्यासाठी घरदारही विकावं. पण ज्याचा नवस, त्यानंच तो फेडावा. फाळक्यांनी आपल्याला सिनेमा दिला, त्यांचं ऋण मोठंच. त्या ऋणाच्या खात्यात त्यांच्या नावाखाली भालचंद्राचंही नाव लिहायला हवं. त्यानं दिलं ते न विचारता घेतलेलं होतं.