अडकून पडलेली ठेव

नागपूरच्या इतवारीतील सराफा बाजार म्हणजे सोन्याच्या कणाकणाचा हिशेब ठेवणारा बाजार. सोनाराच्या दुकानातील केरदेखील सराफीत वाया जात नाही. तो धुऊन त्यातील सुवर्णकण काढणारे झारेकरी असतात. परंतु अशा पेढीवरून घेतलेला दागिना चोरीस गेला आणि पोलिसांनी तो शोधून ‘मुद्देमाल’ म्हणून ताब्यात घेतला, की त्याच्या वजनाची नोंद पंचनाम्यात होते; मालकाला किती काळ वाट पाहावी लागली याची नोंद मात्र कोठेच होत नाही. चोराच्या हातून सुटलेली वस्तू शासनाच्या कोठीत अडकते. येथे एक नैतिक प्रश्न उभा राहतो. कोणी लाच घेतली नाही, कोणी अफरातफर केली नाही, केवळ कागद पुढे सरकला नाही. मग यात दोष आहे काय, आणि असल्यास कोणाचा?

संत थॉमस अक्विनास यांनी तेराव्या शतकातच या प्रश्नाचा विचार केला होता. परत करावयाची वस्तू ताबडतोब परत करावी की सवडीने? त्यांचे उत्तर असे, की दुसऱ्याची वस्तू घेणे जसे न्यायाविरुद्ध, तसेच मालकाच्या इच्छेविरुद्ध ती अडकवून ठेवणेही न्यायाविरुद्ध. कारण दोन्ही वेळा मालक तिच्या उपयोगाला मुकतो. मोशेच्या नियमशास्त्रात गरिबाचे गहाण घेतलेले पांघरूण सूर्यास्तापूर्वी परत करण्याची आज्ञा आहे. परत करण्याची वेळ मालकाच्या गरजेने ठरते, ठेवून घेणाऱ्याच्या सोयीने नव्हे, हेच त्या आज्ञेचे मर्म होय.

आपल्या न्यायव्यवस्थेला या विचारापर्यंत येण्यास बराच काळ लागला. सप्टेंबर १९४७ मध्ये अमृतसरच्या एका पेढीचा भागीदार सोने-चांदी विकण्यासाठी मेरठला गेला असता पोलिसांनी त्याला संशयावरून पकडले. दुसऱ्या दिवशी तो जामिनावर सुटला. पुढे चांदी परत मिळाली, परंतु सुमारे १०३ तोळे सोने ठाण्यातच राहिले. पुढच्या महिन्यात एक हेड कॉन्स्टेबल ते घेऊन पाकिस्तानात पळाला. दावा सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. सरन्यायाधीश प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी १९६४ च्या निकालात पोलिसांचा निष्काळजीपणा मान्य केला. तरीही जप्ती हे सार्वभौम सत्तेचे कार्य असल्याने शासनाकडून भरपाई मागता येत नाही, असे ठरविले. ही स्थिती समाधानकारक नाही, विधिमंडळाने तिचा विचार करावा, असेही त्यांनी सुचविले.

पुढे दृष्टी बदलली. पोलिसांच्या ताब्यातून नाहीसे झालेल्या दागिन्यांची किंमत शासनाने मालकास द्यावी, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने १९७७ साली दिला. सुंदरभाई देसाई प्रकरणात २००२ साली त्याच न्यायालयाने सांगितले, की जप्त वस्तू पंधरा दिवस, फार तर महिनाभर ठाण्यात राहावी; पंचनामा करावा, छायाचित्रे घ्यावीत, हमीपत्र घ्यावे आणि दागिना मालकाकडे सोपवावा. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ नुसार, न्यायालयापुढे आणलेल्या मालाची यादी चौदा दिवसांत व्हावी आणि ती झाल्यावर तीस दिवसांत त्याच्या विल्हेवाटीचा आदेश निघावा, अशी मुदत आहे. पुराव्यासाठी वस्तू राखावी लागते, हा आक्षेप खोटा नाही. परंतु बहुतेक वेळा छायाचित्र व हमीपत्र यांनी ती गरज भागते. त्यानंतरच्या विलंबाला कारण उरत नाही, केवळ सवय उरते.

म्हणून नागरिकाने प्रथम दंडाधिकाऱ्यांकडे मुद्देमाल परत मिळण्याचा अर्ज करावा. एखादे कार्यालय कायद्याने सोपविलेले कर्तव्यच टाळत असेल, तर घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयाकडून परमादेश मागता येतो. विदर्भातील माणसाला त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही. नागपूर खंडपीठ आहे. कायद्याच्या आधाराशिवाय कोणाचीही मालमत्ता हिरावून घेता येणार नाही, हे अनुच्छेद ३००-अ सांगतोच.

तथापि न्यायालयाचा उपाय हा ज्याला आणखी थांबणे परवडते त्याचा उपाय आहे. वकिलाची फी, तारखा आणि बुडालेली मजुरी यांचा हिशेब केला, तर एखादी विधवा आपल्या दोन बांगड्यांवर पाणी सोडणेच पसंत करील. खरी जबाबदारी म्हणून त्या बांगड्यांची नोंद ज्याच्या टेबलावर आहे त्याच्याकडे येते. आपल्या धर्मग्रामांतील कितीतरी कुटुंबांत शासकीय सेवेतील माणसे आहेत. त्यांच्यावर कामाचा भार मोठा आहे, हे आम्ही जाणतो. अक्विनास यांनीही अशक्य ते मागितलेले नाही. तत्काळ परत करता येत नसेल, तर ज्याला मुदत देण्याचा अधिकार आहे त्याच्याकडून ती मागून घ्यावी, एवढेच ते म्हणतात. वस्तू का अडली आहे आणि कधी मिळेल, हे मालकाला बोलावून सांगणे यासाठी कोणत्याही न्यायालयाच्या आदेशाची गरज नाही.