मुद्दल, व्याज आणि आयुष्य

मालवण तालुक्यातील धामापूर गावी तलावाच्या काठी श्रीभगवती देवीचे देवालय आहे. या तळ्याविषयी एक आख्यायिका पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते. घरात लग्नकार्य निघाले आणि मुलीच्या अंगावर घालायला सोने नसले, की गरीब माणूस फुलांची परडी तळ्यात सोडून देवीला आपली अडचण सांगे. परडी दागिन्यांनी भरून परत येई. कार्य पार पडले की दागिने तळ्याला परत करायचे, एवढीच अट. पुढे कुणाला तरी लोभ सुटला, त्याने दागिने ठेवून घेतले आणि देवीचे देणे थांबले.

ही कथा लोभाची म्हणून सांगतात. पण ती कर्जाचीही कथा आहे. त्या कर्जाला व्याज नव्हते, तारण नव्हते, जामीन नव्हता. मुदत मात्र होती. आणि मागणाऱ्याला मागतानाच कर्जाचा शेवट दिसत होता, कारण लग्न चार दिवसांत उरकणार होते. आजच्या गृहकर्जाचे तसे नाही. बत्तिसाव्या वर्षी सही केली तर शेवटचा हप्ता बावन्नाव्या वर्षी जातो. मधल्या वीस वर्षांत नोकरी राहील का, हातपाय चालतील का, आईवडील असतील का, हे सही करणाऱ्याला ठाऊक नसते. तरीही तो शब्द देतो. जे आयुष्य उद्या मिळेल याची खात्री नाही, ते आज गहाण टाकण्याचा आपल्याला कितपत अधिकार आहे, हा प्रश्न वारकऱ्याने स्वतःला विचारायला हवा.

हा प्रश्न आपल्या घरांतला आहे. कोकणातल्या किती तरी कुटुंबांत गावी चिऱ्याचे वडिलोपार्जित घर असते, ते चतुर्थीला आणि मे महिन्यात उघडते. मुलगा विरारला, बदलापूरला किंवा डोंबिवलीला कर्ज काढून दोन खोल्या घेतो. कुणी गावच्या घराच्या जागी नवे घर बांधायला कर्ज काढतो. यात गैर काहीच नाही. आपला संप्रदाय संसार सोडायला सांगत नाही, संसारात राहून नाम घ्यायला सांगतो. डोक्यावर छप्पर हवेच. प्रश्न एवढाच आहे, की त्या छपराची किंमत आपण कोणती धरतो.

एक हिशेब मांडून पाहू. समजा, २५ लाख रुपयांचे कर्ज आहे, व्याजाचा दर वर्षाला साडेआठ टक्के आणि मुदत २० वर्षे. महिन्याचा हप्ता साधारण २१,७०० रुपये बसतो. पहिल्या हप्त्यातले जवळजवळ १७,७०० रुपये व्याजाचे असतात आणि मुद्दल फिटते फक्त ४,००० रुपयांचे. पाच वर्षांत १३ लाख रुपये भरून होतात, तेव्हा मुद्दल अजून २२ लाखांच्या वर उभे असते. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत सरल्यावर, साडेसतरा लाख बाकी असतात. अर्धे मुद्दल फिटायला चौदावे वर्ष उजाडते. २० वर्षांत एकूण ५२ लाख रुपये भरले जातात. त्यातले २७ लाख व्याजाचे.

यात बँकेची लबाडी नाही. दर महिन्याला जेवढी बाकी असेल तेवढ्यावरच व्याज लागते. सुरुवातीला बाकी मोठी म्हणून व्याज मोठे, हे साधे गणित आहे. पण हप्ता दर महिन्याला सारखाच दिसतो आणि त्या सारखेपणात आतला हिशेब डोळ्यांआड जातो. "महिना किती बसेल?" एवढेच आपण विचारतो. तेच कर्ज ३० वर्षांचे केले, तर हप्ता १९,२०० रुपयांवर येतो. अडीच हजार रुपये वाचले म्हणून मन हलके होते. पण एकूण भरणा ६९ लाखांवर जातो. उलट १५ वर्षांत फेडायचे ठरवले, तर हप्ता २४,६०० रुपये होतो आणि एकूण भरणा ४४ लाखांच्या थोडा वर थांबतो. महिन्याच्या सोयीसाठी आपण वर्षे देत असतो. ती देतो आहोत हे समजत नाही, इथेच अडचण आहे.

शिवाय दर बदलतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने आपला रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला. बदलत्या दराची कर्जे त्याबरोबर महागली. साडेसहा टक्क्यांनी २० वर्षांसाठी नुकतेच २५ लाख घेतलेल्या माणसाचा हप्ता साधारण १८,६०० रुपये होता. दर ९ टक्के झाला, की त्या मुद्दलाचे नुसते व्याजच महिन्याला १८,७५० रुपये होते. अशा वेळी हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली, तर माणसाला वाटते आपण फेडतो आहोत, आणि कर्ज मात्र जागचे हलत नाही.

आता दुसरी बाजूही प्रामाणिकपणे पाहिली पाहिजे. घर घेतले नसते तर भाडे भरावे लागलेच असते. रुपयाची किंमतही वर्षागणिक उतरते, त्यामुळे विसाव्या वर्षीचा हप्ता पहिल्या वर्षीइतका जड नसतो. आणि बँकेला जाणारे व्याज आकाशात जात नाही. निवृत्त शिक्षकाने, विधवा माउलीने जी ठेव बँकेत ठेवली, तिच्या व्याजाचा पैसा त्यातूनच येतो. म्हणून व्याज म्हणजे पाप असे म्हणून मोकळे होता येत नाही. पण कुठे थांबावे याचा विचार आपल्या पूर्वजांनी केला होता. दामदुपटीचा नियम जुन्या धर्मशास्त्रातला. एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलाहून जास्त असू नये, असा तो नियम. मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी इंग्रजी अमलातही तो हिंदूंच्या व्यवहारांत मानला. हप्त्यांनी भरलेल्या व्याजाला तो लागू पडत नाही, हे खरे. तरी मनाशी धरायला ते चांगले माप आहे. वरच्या हिशेबात २५ लाखांवर २७ लाख व्याज गेले. आपण दामदुपटीची रेघ ओलांडली, हे सही करण्याआधी कळलेले बरे.

कर्जाच्या कागदांचे काय होऊ शकते, याची दोन चित्रे महाराष्ट्राला माहीत आहेत. पहिले देहूचे. तुकोबारायांच्या घरी सावकारी होती, लोकांकडून येणे होते. मोठा दुष्काळ पडला, माणसे गेली, धंदा बुडाला. पुढे तुकोबांनी येण्याचे कागद इंद्रायणीत बुडवले, असे परंपरा सांगते. त्यातला एक तपशील आपण पुष्कळदा घाईने ओलांडतो. तुकोबांनी आधी कागदांच्या वाटण्या केल्या. धाकट्या बंधूंचा, कान्होबांचा, अर्धा वाटा त्यांच्या हाती दिला आणि आपलाच तेवढा पाण्यात सोडला. भावाच्या हक्काचे कागद त्यांनी स्वतःच्या वैराग्यापायी बुडवले नाहीत. दुसरे चित्र पुणे जिल्ह्यातल्या सुप्याचे. १२ मे १८७५ रोजी तिथल्या बाजारात कर्जाने गांजलेल्या शेतकऱ्यांनी सावकारांचे कागद हिसकावून जाळले. ते लोण दख्खनच्या अनेक गावांत पसरले, आणि १८७९ साली सरकारला शेतकऱ्यांच्या संरक्षणासाठी कायदा करावा लागला.

देहूचा कागद येणे असणाऱ्याने आपण होऊन सोडला. सुप्याचा कागद देणे असणाऱ्याने असह्य होऊन जाळला. आपण यांपैकी कुठेच नाही. बँकेचे देणे बुडवण्याचा अधिकार आपल्याला नाही, कारण ते येणे आपले नाही. ज्याचे येणे त्यानेच ते सोडावे, हे देहूच्या वाटण्या सांगतात. म्हणून कर्ज काढणाऱ्याचे वैराग्य सहीच्या आधी असावे लागते. किती मोठे घर, कोणत्या वस्तीत, कुणाला दाखवण्यासाठी, हे तेव्हाच विचारायचे असते. तिसरी खोली खरोखर लागते का? की चुलतभावाने घेतली म्हणून घ्यायची? नंतर वैराग्य आले तरी हप्ता थांबत नाही.

आणि मग खरी किंमत कळू लागते, ती रुपयांत मोजता येत नाही. हप्त्यासाठी जादा पाळी करणाऱ्या बापाला मुलाचे बालपण पाहायला मिळत नाही. आईच्या दुखण्याला रजा काढायची, तर पगार कापला जाण्याची धास्ती. अन्यायापुढे मान वर करावी असे वाटते, पण नोकरी गेली तर हप्ता कोण भरणार म्हणून जीभ आवरली जाते. लावणीच्या कामांमुळे आषाढीला निघता न येणारे कोकणातले अनेक वारकरी माघी वारीला पंढरपूर गाठतात. कर्जात बुडालेल्याची माघीही चुकते. घरी देव्हारा आहे, पण त्याच्यापुढे बसायला घराचा मालक नाही. नामाला पैसे पडत नाहीत, वेळ मात्र लागतो. आणि कर्जाने नेमका तोच गहाण पडलेला असतो.

धामापूरचा तलावच याची उलट बाजू दाखवतो. विजयनगरच्या राज्यातले मांडलिक नागेश देसाई यांनी १५३० साली तो बांधवून घेतला. कष्ट आणि खर्च एका पिढीने आधी केला आणि पाणी पुढच्या पिढ्या आजवर घेत आल्या. कर्जाच्या घरात राहायला आधी मिळते आणि फेडीचे कष्ट मागाहून, कधी कधी पुढच्या पिढीपर्यंत, चालतात. हा क्रम उलटा आहे याचे भान ठेवले, तर कर्ज काढूनही माणूस तो थोडा सुलटा करू शकतो. काही वर्षे कळ काढून आधी जास्त रक्कम साठवावी आणि कर्ज कमी घ्यावे. जेवढे साठवले तेवढ्यावर व्याज नाही.

"पांडुरंग पाहून घेईल," असेही काही जण म्हणतात. दामाजीपंतांचे देणे त्याने फेडलेच ना! पण मंगळवेढ्याची कोठारे दामाजीपंतांनी भुकेल्यांसाठी उघडली होती. तिसऱ्या खोलीसाठी काढलेल्या कर्जावर देवाला जामीन ठेवणे ही भक्ती नव्हे.

इथे नाथमहाराजांची कथा उपयोगी पडते. जनार्दनस्वामींकडे हिशेब लिहीत असता एका पैची चूक सापडेना, म्हणून एकनाथ रात्रभर दिव्याजवळ बसले. चूक सापडली तेव्हा आनंदाने त्यांनी टाळी वाजवली. हीच एकाग्रता भगवंताकडे लाव, असे स्वामी म्हणाले, एवढे आपण कीर्तनात ऐकतो. पण स्वामींनी हिशेब टाकून दे असे सांगितले नाही. पैचा हिशेब चोख ठेवणारे मनच परमार्थातही चोख राहते. आपण मात्र २५ लाखांच्या कागदांवर न वाचता सह्या करतो.

आता तर वाचण्याची सोय आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या कर्जांसाठी बँकेने मुख्य तथ्यांचे विवरणपत्र द्यावे, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. सगळे आकार धरून वर्षाचा खरा दर किती पडतो आणि कोणत्या हप्त्यात मुद्दल किती, व्याज किती, हे त्यात यावे लागते, आणि तेही कर्जदाराला समजेल अशा भाषेत. ते मराठीत मागावे. दर वाढला तर हप्ता वाढवायचा की मुदत, हे विचारून घ्यावे. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जात मुदतीआधी पैसे भरले तर दंड लागत नाही. दरवर्षी एक हप्ता जादा भरला, तर वरच्या उदाहरणातले कर्ज तीन वर्षांहून अधिक काळ आधी संपते. ती तीन वर्षे परत मिळालेले आयुष्यच आहे.

तेव्हा मायबाप वारकरी हो, सही करण्याआधी एका एकादशीला घरातली सगळी माणसे एकत्र बसवावीत. म्हाताऱ्या आईला, कळत्या लेकरालाही बसवावे. हप्त्याचा आकडा बाजूला ठेवून एकूण भरण्याचा आकडा मोठ्याने वाचावा. शेवटचा हप्ता जाईल तेव्हा प्रत्येकाचे वय किती असेल, तेही सांगावे. मग विचारावे, एवढे देऊनही हे घर आपल्याला हवे आहे का? सगळ्यांनी समजून होकार दिला, तर निर्धास्त मनाने कर्ज घ्यावे आणि पै न चुकता फेडावे. कुणी गप्प राहिले, तर त्याच्या गप्प राहण्याचे कारण आधी विचारावे.

रामकृष्ण हरी.