आश्रय द्यावा की घर गाठावं?

निवासी संस्था हवी की नको, हा वाद आपल्याकडे बहुतेक वेळा अनाथालयं आणि वृद्धाश्रमांवरून रंगतो. वर्धा जिल्ह्यात तो फार आधी, कुष्ठरोग्यांच्या निमित्ताने झाला. भाषणांतून कमी, कामातून जास्त. शिवाय दोन्ही बाजू गांधी-विनोबांच्याच गोतावळ्यातल्या होत्या, त्यामुळे कुणी कुणाला स्वार्थी ठरवून मोकळं होण्याची सोय नव्हती.

विनोबांचे सहकारी मनोहर दिवाण यांनी १९३६ साली वर्ध्याजवळ दत्तपूरला कुष्ठधाम उभं केलं. त्या वेळी देशात १८९८ चा कायदा होता. तो निर्धन, भीक मागणाऱ्या कुष्ठरोग्याला पकडून कोंडण्याची मुभा देत असे; ज्याचं बरं चाललं आहे त्याला मात्र घरी राहता येई. रोग एकच, पण खिसा बघून न्याय वेगळा. रस्त्यावरच्या माणसाची अडचण इतरांना होऊ नये, एवढाच त्या कोंडण्यामागचा विचार होता. दिवाणांनी तो उलटा केला. घराने आणि गावाने ज्याला टाकलं, त्याच्यासाठी जागा हवी, म्हणून संस्था. ते डॉक्टर नव्हते, आणि असते तरी फारसा फरक पडला नसता. तेव्हा चालमोगऱ्याच्या तेलापलीकडे हाताशी काही नव्हतं. रोग बरा करणं हाताबाहेरचं होतं. माणसाला भाकरी, काम आणि शेजार देणं शक्य होतं. तेच दत्तपूरने दिलं.

थोड्याच वर्षांत सेवाग्रामला वेगळा प्रयोग झाला. येरवड्याच्या तुरुंगापासून गांधीजींच्या ओळखीचे असलेले, कुष्ठरोग झालेले संस्कृतचे पंडित परचुरे शास्त्री १९३९ साली आश्रमात आले. गांधीजींनी त्यांना आपल्या कुटीजवळ झोपडी दिली आणि त्यांच्या अंगाला स्वतः मालीश केलं. रुग्णासाठी वेगळी वस्ती न करता राहत्या वस्तीतच त्याला सामावून घ्यायचं, असा हा मार्ग. तो थोर होता, पण गांधी नावाच्या एका माणसाच्या धाकावर आणि प्रेमावर तोललेला होता, असं मला वाटतं. अखेरचा काळ शास्त्रीजींनी दत्तपूरलाच काढला.

वादाला धार आणली ती एका स्वस्त गोळीने. डॅप्सोन आली आणि रोग खरोखर आटोक्यात येऊ लागला. १९५१ मध्ये वर्ध्यात गांधी स्मारक कुष्ठरोग प्रतिष्ठान सुरू झालं. तिथल्या डॉ. वार्डेकरांनी हिशेब मांडला: देशात रुग्ण लाखांनी आणि वसाहतींतल्या खाटा मोजक्या. शिवाय लक्षणं ठळक होऊन माणूस वसाहतीत पोचेपर्यंत त्याच्याकडून संसर्ग पसरून गेलेला असतो, आणि एकदा घर सोडलं की घरातली जागाही जाते. मग वसाहती वाढवायच्या कशासाठी? सर्वेक्षण, शिक्षण आणि उपचार ही त्रिसूत्री त्यातून आली. पुढे सरकारी कार्यक्रमानेही तीच वाट धरली.

ही त्रिसूत्री कागदावर कोरडी वाटते. प्रत्यक्षात कार्यकर्ता घरोघर जाणार, माणसाला भरपूर उजेडात उभं करून अंग तपासणार. फिकट चट्टा दिसला की डोळे मिटायला सांगायचं, पिसाने किंवा पेनाच्या टोकाने हलकेच स्पर्श करायचा आणि म्हणायचं, कुठं लागलं ते बोटाने दाखवा. बोट भलतीकडे गेलं किंवा हललंच नाही, की गोळ्या सुरू. माणूस आपल्याच ओसरीवर, शेतीच्या कामातून न उठता रुग्ण होतो आणि बराही होतो.

हिंगणघाटात जन्मलेल्या बाबा आमट्यांचं आनंदवन प्रतिष्ठानाच्याच सुमारास शेजारच्या चंद्रपूर जिल्ह्यात, वरोऱ्याला उभं राहत होतं. ती वाट अगदी विरुद्ध: संस्था इतकी वाढवायची की तिचं गाव व्हावं आणि निरोगी मुलांनी तिथल्या महाविद्यालयात शिकायला यावं. कुष्ठरोग्याने गावात परतायचं, की गावानेच त्याच्याकडे यायचं? वार्डेकर आणि आमटे यांच्यातला फरक मला या प्रश्नात दिसतो.

१९८२ नंतर बहुविध औषधोपचार आले. उपचार सहा किंवा बारा महिन्यांवर आले. २००५ अखेर देशपातळीवर रुग्णांचं प्रमाण दहा हजारांत एकाच्या खाली गेलं, आणि १८९८ चा कायदा २०१६ मध्ये रद्द झाला. वार्डेकरांचा हिशेब जिंकला, असं खुशाल म्हणावं. पण अशा संस्थांत आजही जी माणसं राहतात, त्यांच्यातल्या बहुतेकांच्या अंगात जंतू नाही. औषध त्यांच्यासाठी उशिरा आलं. ती आता म्हातारी झाली आहेत, त्यांची बोटं वाकडी आहेत आणि तळपाय बधिर. बधिर पायाची निगा रोजची असते: पाण्यात भिजवायचा, जाड कातडी घासायची, तेल लावायचं, मग तळवा उलटा करून बारकाईने बघायचा. खडा रुतला तरी कळत नाही, म्हणून डोळ्यांनी शोधायचा. एक दिवस राहिला तर जखम, जखम राहिली तर हाडापर्यंत. बरा झालेला हा माणूस रुग्णांच्या आकड्यात येत नाही, आणि आकडा दिसला नाही की सरकारी पैसाही त्याच्यापर्यंत पोचत नाही.

आज मुलांच्या बाबतीत २०१५ चा बाल न्याय कायदाही संस्थेला शेवटचा पर्याय मानतो. मलाही ते मान्य आहे. फक्त वार्डेकरांच्या म्हणण्याला वजन आलं ते आधी कार्यकर्ता रुग्णाच्या दारात पोचला म्हणून, हे विसरलं जातं. संस्थेचं दार बंद करणं स्वस्त पडतं. दारोदार जाणारा कार्यकर्ता पगारावर ठेवावा लागतो. कुष्ठधामातल्या आजोबांना पुतण्याच्या घरी पाठवायचं ठरलं, तर पुतण्याचं मन वळवणं ही अर्धीच गोष्ट झाली. बधिर पायासाठी लागणारी मऊ रबराची एमसीआर चप्पल झिजते. ती बदलून द्यायला त्या गावात कोण येणार, त्याचं नाव आणि वार आधी ठरलेला असायला हवा.