भिजलेले पाकीट

झाशी हे रेल्वेचे गाव. मार्च १९२९ अखेर लंडन–कराची हवाई टपाल सुरू झाले, तेव्हा इथले विलायतेचे पत्रही आधी आगगाडीनेच कराची गाठे. जुन्या पाकिटावरचे शिक्के तारखेने लावले की असा प्रवास उलगडतो.

त्याच वर्षी २६ ऑक्टोबरला हिंदुस्थानातले टपाल नेणारे ‘सिटी ऑफ रोम’ हे समुद्रविमान इटलीच्या किनाऱ्याजवळ वादळात बुडाले. विमानातले सातही जण गेले. अशा अपघातातून वाचलेल्या पत्रांवर पोस्टखाते सहसा कारण सांगणारा शिक्का मारते, आणि संग्राहक त्या पाकिटाला साध्या पाकिटाहून जास्त दाम देतात.

मग आपण पैसे मोजतो ते मरणाचे का?

तो शिक्का संग्राहकासाठी नव्हताच. पत्र उशिरा का आले, शाई का पसरली, याचा तो पत्ता लिहिलेल्या माणसाला दिलेला जबाब होता. वैमानिक उरला नाही, तरी पत्र ज्याचे त्याला मिळावे, हे कुणीतरी आपले काम मानले. दाम द्यायचे तर त्या कामाचे.

पण मग तो जबाब आपल्यालाही पुढे न्यावा लागतो. पाण्याचा डाग पुसून पाकीट ‘सुधारणे’ ही लबाडी ठरते. अल्बममध्ये नुसते ‘दुर्मिळ’ लिहून भागत नाही. विमानाचे नाव, तारीख आणि मृतांचा आकडा लिहावा लागतो.

आत पत्र असेल तर? शिक्का सर्वांसाठी आहे, मजकूर एकासाठी. अभ्यासाला पाकीट पुरते.