राज्यघटना आणि आमची साक्ष

मननासाठीं शास्त्रभाग: मत्तय २२:१५-२२, प्रेषितांचीं कृत्यें २५:१०-१२.

प्रभूपुढें कराचें नाणें आणलें तेव्हां त्यानें त्यावरील मुद्रा कोणाची, हें विचारलें, आणि राजाचा हक्क व देवाचा हक्क निरनिराळे ठेविले. नाण्यावर कैसराची प्रतिमा होती; मनुष्यावर देवाची आहे. म्हणून कर राजास द्यावा. अंतःकरण मात्र कोणत्याहि सत्तेस देतां येत नाहीं.

आपल्या राज्यघटनेच्या आरंभीं देवाचें नांव नाहीं, मग तिच्याशीं आमचें काय नातें, असें कोणी विचारील. १७ ऑक्टोबर १९४९ रोजीं घटना समितींत हरि विष्णु कामत यांनीं सूचना मांडली कीं, प्रास्ताविकेचा आरंभ ईश्वराच्या नांवानें व्हावा. पंडित हृदयनाथ कुंझरू यांनीं विरोध केला. जी प्रास्ताविका श्रद्धेचें व उपासनेचें स्वातंत्र्य देते, तिनेंच एक श्रद्धा सर्वांच्या मुखीं घालूं नये, असा त्यांचा आशय होता. मतें घेतलीं, सूचनेच्या बाजूस ४१ व विरुद्ध ६८ पडलीं.

यांत देवाचा पराभव झाला काय? नाहीं. बळेंच वदविलेलें नांव देवास मान्य नाहीं. घटनेनें आमदारास ईश्वरसाक्ष शपथ घेण्याची किंवा गांभीर्यानें प्रतिज्ञा करण्याची मोकळीक ठेविली, आणि २५ व्या अनुच्छेदानें धर्म मानण्याचें, आचरण्याचें व त्याचा प्रसार करण्याचें स्वातंत्र्य दिलें. सरकारनें देवाचें नांव आमच्यावर लादलें नाहीं. तें आपल्या वागणुकीनें प्रगट करणें हें आमचें काम आहे.

परंतु एके ठिकाणीं कायदा आमचा धर्म विचारतो. घोड नदीकाठच्या शिरुरांत व भीमेकाठच्या दौंडांत आमचीं पुष्कळ घराणीं, ज्यांना एके काळीं गांवकुसाबाहेर ठेवीत, त्या समाजांतून आलीं. १९५० च्या आदेशानें अनुसूचित जातींचा हक्क हिंदूंपुरता ठेविला. १९५६ त शीख व १९९० त बौद्ध त्यांत घेतले गेले. ख्रिस्ती बाहेरच राहिले. बाप्तिस्मा झाला म्हणून शेजाऱ्यानें शिवाशीव सोडली असें नाहीं. तरी ग्रामपंचायतीच्या राखीव जागेस ख्रिस्ती मनुष्य उभा राहूं शकत नाहीं.

येथें मोह उभा राहतो. मुलाची फी भरावयाची असते, नोकरीचा अर्ज समोर असतो, आणि धर्माच्या रकान्यांत दुसराच शब्द लिहावा असें वाटतें. अशा बापास आम्ही दगड मारणार नाहीं. त्याची अडचण आम्हांस ठाऊक आहे. तथापि जें मूल हें पाहतें तें काय शिकतें? रविवारची कबुली एक व कचेरींतली दुसरी, हेंच ना?

मग अन्याय मुकाट्यानें सोसावा काय? पौलाकडे पाहा. कैसरियांत फेस्तापुढें तो खोटें बोलला नाहीं व बंडहि केलें नाहीं. आपला नागरिकत्वाचा हक्क जाणून त्यानें कैसराकडे दाद मागितली. आम्हींहि तसेंच करावें. खरें नांव लिहावें, आणि त्याच खऱ्या नांवानें अर्ज, सभा, न्यायालय व मतपेटी यांच्या द्वारें न्याय मागावा. खरें बोलणाराच्या मागणीला वजन असतें.

उपदेशक बंधूंनो, व्यासपीठावरून उमेदवारासाठीं मत मागूं नका. धर्माच्या नांवानें मत मागणें १९५१ च्या लोकप्रतिनिधित्व कायद्यानें भ्रष्ट आचरण ठरविलें आहे. मंडळीस एवढेंच शिकवा कीं मत विकूं नये, साक्ष खोटी देऊं नये, आणि ग्रामसभेंत केवळ आपल्या आळीच्या नळासाठीं नव्हे, तर शेजारच्या वस्तीच्या नळासाठींहि उभें राहावें. प्रास्ताविकेंत जें नांव लिहिलें नाहीं, तें गांवाला अशा वागणुकींत वाचावयास मिळो. आमेन.